महाराजांच्या तोंडचे शब्द

माझा धाकटा भाऊ नट आहे. एका भक्तिमालिकेत तो महाराजांचं काम करतो, त्यामुळे आमच्या गावी, न्हावऱ्यात आला की म्हातारी माणसंही त्याच्या पाया पडतात. त्यालाही ते आवडतं. यंदाच्या सप्ताहाचा नारळ त्याच्याच हातून फुटणार होता; पत्रिका वाटून झाल्या होत्या.

त्याच सुमाराला तो दुसऱ्या एका वाहिनीवर युरोपातल्या प्रबोधनकाळातल्या तत्त्वज्ञांचे उतारे वाचू लागला. साधा सदरा, समोर पुस्तक. रविवारच्या उताऱ्यात होतं, की देवाच्या नावानं कुणी भीती घातली तर आधी स्वतःच्या डोक्यानं तपासून बघा. तो वाचतो चांगलं. गावाला वाटलं, तोच बोलतोय.

सोमवारी मी त्याला दौंड स्टेशनवरून स्कूटरवर घेऊन आले, तर ओट्यावर सप्ताह कमिटी बसलेली. मी चहा केला. कुणी कपाला हात लावला नाही.

कमिटीचे म्होरके आबा म्हणाले, "म्हाराज, असं कसं बोल्लात तुमी?"

"आबा, मी फक्त वाचलं."

"मंग तेवढंच सांगा. शब्द माझे न्हाईत म्हना. मोबाईलवर घिऊ, ग्रुपवर टाकू. उद्या नारळ तुमीच फोडा."

एकानं मोबाईल धरला. म्हणायला काय, ते खरंच होतं. पण भाऊ तेवढं म्हणेना. हे उतारे मिळावेत म्हणून त्यानं वाहिनीकडे वर्षभर हेलपाटे घातले होते. मालिकेसाठी कधी घातले नव्हते.

मी म्हणाले, "आबा, मालिकेत महाराज बोलतात तेही ह्याचं नसतं. ते लिहायला माणूस ठेवलाय. एकाच व्हिडिओत दोन्ही सांगू दे की."

"आक्का, तू गप बस!" भाऊ खेकसला, जसा काही मी त्याच्या पोटावर पाय दिला होता.

आबा विचारात पडले. "म्हंजी ते बी तुमचं न्हाई आन् हे बी न्हाई?"

मोबाईल अजून समोरच होता. भावानं त्यात बघितलं.

"लिहिलंय दोन्ही दुसऱ्यानंच. पण हे मला पटलंय, आबा."

मोबाईल खाली आला. "नारळाचं आमी बघतो," कुणीतरी तुटकपणे म्हणालं आणि सगळे उठले.

आबा सवयीनं भावाच्या पायाशी वाकले. अर्ध्यात थांबले, गुडघ्यावर हात टेकून सरळ झाले.

"येतो रे पोरा," म्हणाले. "उद्या सतरंजीवर बस आमच्यासंगं."