माहूरचा तांबूल

मंडळी, आज माहूरहून रेणुकाआईचं दर्शन घेऊन एसटीनं नांदेडला येत होते. गर्दी लई. बुरख्यातल्या एका मावशींनी सरकून मला जागा दिली, माझी पिशवीही मांडीवर घेतली.

मी डबा उघडून आईचा प्रसाद, कुटलेला तांबूल, पुढच्या-मागच्या सगळ्यांना वाटला. मावशींना तेवढं वगळलं. त्या घेणार नाहीत, हे मीच शहाणीनं ठरवून टाकलं.

उतरताना त्या हळूच म्हणाल्या, "आईचा तांबूल हाय ना? आमची शेजारीण दरसाल आणून द्यायची. ती गेली, तवापासून चाखला न्हाई."

मी घाईनं डबा उघडला. रिकामा.

"राहू द्या बेटा," म्हणत त्यांनी माझी पिशवी जपून माझ्या हातात दिली.

गडावर 'आई, सगळ्यांना सुखी ठेव' म्हणून आले होते. त्या 'सगळ्यां'त मी कुणाकुणाला धरलं होतं?