फेटे आणि पाठमोरी आई

“आत जा, ती क्युबावाली बसलीय. कापाकापी तिच्याकडंच,” स्टुडिओवाले दादा बाहेर कुणाला तरी सांगत होते. माझ्या कानांवर हेडफोन होते, पण त्यांत काहीच चालू नव्हतं. बोलावं लागू नये म्हणून मी ते घालून बसते.

हे नाव मुलाखतीच्या दिवशी पडलं. भिंगारच्या या लग्नाच्या व्हिडिओंच्या स्टुडिओत ‘संकलनच का?’ असं विचारल्यावर मी घाबरून क्युबातल्या एका संकलक बाईंविषयी वाचलेलं सगळं म्हणून दाखवलं, शाळेत इंग्रजी भाषण म्हणायचे तसं. क्रांतीनंतर तिकडं सरकारनं सिनेमाची संस्था काढली, तिथं त्या तरुणपणीच रिळं जोडायला लागल्या. फिल्मचा तुटवडा होता. मग जुन्या रिळांचे तुकडे आणि मासिकांतले फोटो जोडून त्यांनी बातमीपट उभे केले. पुढं मोठे चित्रपट बांधले. दिग्दर्शक गाजले, त्या म्हातारपणापर्यंत टेबलाशीच राहिल्या.

दादांनी शांतपणे ऐकलं. “त्यांना फिल्म पुरत नव्हती. आपल्याकडं लग्न संपत नाही. या उद्यापासून.”

आज आत आले ते श्रीगोंद्याच्या एका नवरीचे मामा. तिच्या लग्नातला पाहुण्यांचा सत्कार मी कापून बराच आवळला होता. नुसते हात, फेट्यांचे शेमले, एखादं हसू. मामांनी खुर्ची ओढली.

“फेटे हायेत. मानसं कुठं गेली?”

मी तो भाग मागं घेऊन पुन्हा लावला.

“कारखान्याचे चेअरमन व्हिडिओ बघून इचारतेत, मी लग्नाला आल्तो का न्हाई? त्यांना काय दावू, शेमला?”

“क्युबात सत्कार नसतो, मामा,” दादा दारातून म्हणाले. मला हसू आलं, तेही मी आवळलं.

मग मामांचं बोट स्क्रीनवर थांबलं. मंगलाष्टका चालू होत्या आणि नवरीची आई मांडवामागं तुळशीला पाणी घालत पाठमोरी उभी होती. आईनं लेकीवर पडणाऱ्या अक्षता बघायच्या नसतात. प्रत्येक ‘सावधान’ला तिचा तांब्या जरासा थांबत होता. सगळ्या व्हिडिओत मी कात्री न लावलेलं एवढं एकच दृश्य होतं, आणि तेवढंच मला माझं वाटत होतं.

“ह्ये कशाला एवढं लांब? ताईची नुसती पाठ. ह्ये काढा, तिथं चेअरमन बसवा.”

मामांच्या घरी अजून दोन लग्नं व्हायची होती. दादा ‘काढ’ म्हणाले नाहीत, पण टेबलापाशी येऊन माऊस माझ्याकडं सरकवला.

मी हेडफोन काढले.

“मामा, फेटे सगळे परत घालते, चेहऱ्यांसकट. पण हे राहील. अख्ख्या मांडवात लग्न पाहिलं नाही ते एकट्या त्यांनीच. हा व्हिडिओ मी त्यांच्यासाठी जोडलाय.”