वांझ केळीचे मुनवे

किळस कशाची येते असं कुणी मला विचारलं, तर कुजलेल्या पोंग्याची येत नाही, हे आधीच सांगून टाकतो. वास येतो, तो वेगळा. केळीच्या मधोमध गुंडाळलेलं कोवळं पान, तो पोंगा. तो आतून सडला की काळं पाणी सुटतं, आणि ते हाताला लागलं की दोन दिवस घास तोंडाशी नेववत नाही. मी असले पोंगे दोन वर्षं चिरले. मावा चिमटीत धरून चिरडला. त्या किड्याचा चिकटा वहीला लागायचा, टाकाला लागायचा, एकदा तर मिशीला लागला. शी! पण ती घाण साबणाने जायची.

देश स्वतंत्र होऊन पाच-सहा वर्षं झाली असतील. शेतकी खात्याने मला सावद्याजवळच्या एका गावात पाठवलं. तिथल्या केळीवर हरण्या नावाचा रोग पसरत होता. पानांवर पिवळे पट्टे उठत, पोंगा कुजे, आणि केळ निसवत नसे, म्हणजे तिला घडच पडत नसे. हरणाचा त्याच्याशी काय संबंध, ते मला कुणी धड सांगितलं नाही. खात्याच्या जुन्या कागदांत कारण लिहिलेलं होतं, पाण्याची हयगय. शेतकऱ्याच्या माथी खापर फोडलं की साहेब मोकळे.

मी उतरलो होतो ते घर गावातल्या एका मोठ्या बागाईतदाराचं. घरात म्हातारे आबा, त्यांची बायको, एकुलता एक मुलगा आणि सून. सून धुळ्याकडची, पिंपळनेरजवळच्या खेड्यातली. बोलताना 'आहे'च्या जागी 'शे' म्हणायची, त्यावरून आळीतल्या बायका तिला चिडवायच्या. लग्नाला सहा वर्षं झाली होती आणि मूल नव्हतं. हे मला पहिल्याच दिवशी, पाण्याचा तांब्या हातात देतानाच, सासूने सांगितलं. मी काही विचारलं नव्हतं. सून दाराआड उभी होती, तिला ऐकू जावं म्हणूनच ते मोठ्याने सांगितलेलं होतं.

रोग पसरतो कसा, याचा अर्धा उलगडा आबांनीच केला, आणि तोही मोठ्या अभिमानाने. केळीच्या बुडाशी फुटणाऱ्या पिल्लांना तिकडे मुनवे म्हणतात. नवी बाग लावायची ती हेच मुनवे खणून. मी आबांना विचारलं, खणता कुठल्या झाडाचे? ते म्हणाले, "लेकुरवाळीच्या पोटचं काढू नाई, साहेब. पाप लागते. वांझ उभीच आहे ना, तिचं काढा."

मी कपाळावर हात मारला. घडाने वाकलेली निरोगी केळ म्हणजे लेकुरवाळी, तिच्या बुडात पहार घालायची नाही. जी निसवलीच नाही, पट्ट्यापट्ट्यांची, आतून सडकी, तिचे मुनवे खणायचे आणि नव्या बागेत लावायचे. शिवाय कुणी मागितले तर पाहुण्यांना, व्याह्यांना वाटायचे. दयेपोटी रोग वाटत होती ही माणसं, आणि वर पुण्य केल्याचं समाधान! मी त्यांना विषाणू समजावून सांगू लागलो. इतका बारीक असतो, म्हटलं, की साध्या सूक्ष्मदर्शकातूनही दिसत नाही. आबांनी विचारलं, मग तुम्हाला कसा दिसला? चावडीवर सगळे हसले, मीही हसलो.

पण मुनव्यांनी अर्धाच उलगडा होत होता. चांगल्या झाडाचे मुनवे लावलेल्या बागेतही हरण्या यायचा. तो कुठून? हे मला कळलं नाही, खात्याला कळलं नाही. ते सुनेने सांगितलं.

थंडीचे दिवस होते. मला झाडांवर घालायला मलमलीचे पिंजरे हवे होते, म्हणजे आत मावा शिरू नये, किंवा आपण सोडलेला बाहेर जाऊ नये. शिंपी चार दिवस येतो येतो म्हणत होता. सुनेला मी वहिनी म्हणायचो. वहिनींनी ते कापड माझ्या हातून घेतलं आणि दोन दुपारींत हाताने शिवून दिलं, टाका असा बारीक की मुंगी शिरली नसती. पिंजरे द्यायला त्या बागेत आल्या तेव्हा खाली मान घालून म्हणाल्या, की हरण्या नेहमी कुंपणाच्या बाजूने सुरू होतो. जिथे काकडीचे वेल आहेत तिथून. त्या वेलाचीही पानं आधी अशीच पिवळी-हिरवी होतात. सहा वर्षं पाहतेय, म्हणाल्या, पण मला कोण विचारतं?

कुंपणावरचे वेल सासूचे होते. काकडी, दोडकी, भोपळा. म्हातारीचा जीव त्यांत अडकलेला.

मी वेलावरचा मावा ओल्या कुंचल्याने अलगद उचलला आणि पिंजऱ्यातल्या निम्म्या झाडांवर सोडला. उरलेली झाडं तशीच ठेवली. काही आठवडे गेले आणि मावा सोडलेल्या झाडांना पट्टे उठले, बाकीची हिरवीगार राहिली. तो दिवस माझ्या नोकरीतला सगळ्यांत आनंदाचा दिवस होता, खोटं कशाला बोलू. मी धावत घरी गेलो. वहिनी ओट्यावर धान्य निवडत होत्या. त्यांना म्हटलं, तुमचं बरोबर निघालं. त्या हसल्या. त्यांना हसताना मी पहिल्यांदाच पाहिलं.

पण तोवर घरात वेगळंच शिजत होतं. त्या वर्षी बागेची चौथाई हरण्याने गेली होती. सासूने शोध लावला होता की वांझ बाईचा हात लागला म्हणून केळी वांझ झाल्या. सून बागेत जायला लागली तेव्हापासूनच हे सुरू झालं. बायकांत कुजबुज होती, की यंदा आखाजीला तिला माहेरी धाडतील ती परत आणायची नाही म्हणूनच. आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया, तिकडे लेकीबाळींनी माहेरी जाऊन झोके घ्यायचा सण. तोच मुहूर्त साधायचा होता.

वहिनींनी मला एकदाच विचारलं. आडापाशी मी हात धूत होतो, त्या घागर घेऊन आल्या आणि थांबल्या. "भाऊ, मना हात लागना म्हनीसन वांझ व्हयनी का ती? तुमले ठाऊक शे. घरमा सांगा ना."

मी म्हटलं, सांगतो. आखाजीच्या आत सांगतो.

आणि मी जळगावला साहेबांची परवानगी मागायला गेलो! काय गरज होती? ओट्यावर बसून आबांना दोन वाक्यांत सांगता आलं असतं. पण मला कागदावर शाबासकी हवी होती. साहेबांनी अहवाल चाळला, उत्तम म्हणाले, आणि बजावलं, की वरून मंजुरी येईपर्यंत वेलाचा अवाक्षराने उल्लेख करायचा नाही. उद्या चुकीचं ठरलं तर भाजीवाल्यांची बोंब कोण ऐकणार? रोगट झाडं उपटा, एवढं मात्र गावात लिहून लावा, ते जुनंच आहे. मी मान डोलावली आणि तोंडात मिठाची गुळणी धरून परत आलो.

पाटी मीच लिहिली. आधी 'रोगट केळ' असं लिहिलं होतं. मग वाटलं, रोगट कोणती यावर गावात वाद होतील, पण वांझ कोणती हे शेंबडं पोरही सांगेल. लोकांच्या भाषेत लिहावं म्हणतात ना! लिहिलं: 'वांझ दिसेल ती मुळासकट उपटून बागेबाहेर टाकावी. तिची दया करू नये.' केळ हा शब्द वर मथळ्यात होता, म्हणून खाली पुन्हा घातला नाही. अक्षर माझं चांगलं. चावडीच्या भिंतीला पाटी टांगली आणि दोन पावलं मागे सरून मीच ती कौतुकाने वाचली. त्या क्षणी मी कसा दिसत असेन, ते आठवलं की आजही अंगाला घाण लागल्यासारखं होतं.

आखाजीच्या आदल्या दिवशी बागेतून आलो तर दारात बैलगाडी जुंपलेली. वहिनी आत बसल्या होत्या. बरोबर ट्रंक, पेटारा, आंथरूण. सणाला चार दिवस जाणारी बाई आंथरूण नेत नाही. नवरा बैलाची वेसण धरून उभा, नजर जमिनीवर.

मी आबांना बाजूला घेतलं. म्हटलं, हे बरोबर नाही, यात हिचा दोष नाही, रोग किड्याने येतो. आबा अजिबात चिडले नाहीत. माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि समजुतीच्या सुरात म्हणाले, "तुम्हीच लिहेल आहे ना, साहेब. वांझ दिसली का मुळासकट काढा, दया करू नका. आम्ही तेच करू राह्यलो."

मी म्हटलं, ते केळीचं आहे. ते म्हणाले, व्हय, केळीचंच. बाग वाचली पाहिजे. आणि मला पुढे म्हणायचं होतं, किडा येतो तो तुमच्या कुंपणावरच्या काकडीवरून. ते वाक्य जिभेवर आलं होतं. साहेब आठवले, मंजुरी आठवली, आणि म्हातारी दारातून माझ्याकडे बघत होती. मी बाजूला सरून गाडीला वाट करून दिली.

गाडी हलली तशी वहिनींनी डोक्यावरचा पदर जरा मागे घेतला. त्या चौथीपर्यंत शिकलेल्या होत्या, पाटी त्यांनी वाचली होती. त्या रडत नव्हत्या. रागावल्याही नव्हत्या, निव्वळ विचारायचं म्हणून विचारल्यासारखं म्हणाल्या, "भाऊ, पाटीवर काकडीनं नाव काबर लिखं नही?"

त्या परत आल्या नाहीत. अहवाल पुढे छापला गेला, त्यात 'स्थानिक निरीक्षणावरून' एवढे दोन शब्द आहेत, ते त्यांचे. चोर सोडून संन्याशाला सुळी म्हणतात. इथे चोराला आणखी दोन वर्षं पाणी घालत होते.

गाडी गेली त्या दिवशी दुपारी म्हातारीने मला आग्रहाने जेवायला बसवलं. घरात सणाची तयारी चालू होती. ताटात काकडीची कोशिंबीर होती, कुंपणावरच्याच वेलाची, ताजी. अजून घ्या, साहेब, म्हणाली. मी घेतली.