आतोबांनी थांबवलेला काळ

आपल्याला काळ थांबवता येतो असं मनापासून मानणारा साऱ्या झाशीत एकच मनुष्य होता, आणि तो नेमका माझ्या आत्याच्या वाट्याला आला. आतोबा पोटापाण्यासाठी रेल्वेच्या मालऑफिसात कारकून होते. पण हा त्यांच्या मते तात्पुरता बंदोबस्त होता. त्यांचं खरं काम कालविद्येचं संशोधन. त्या काळी आमच्याकडे शहराची वेळ सूर्यावर चाले आणि स्टेशनाची वेळ मद्रासहून तारेनं येई. आतोबा मद्रासची वेळ मानत नसत. "अरे, इतक्या लांबून येते, वाटेत शिळी नाही का होणार?" असं ते साहेबालाही ऐकवत. सूर्य आणि मद्रास यांच्यात फरक होता सात-आठ मिनिटांचा. आतोबा ऑफिसात पोचत तासभर उशिरा. उरलेली मिनिटं कुठे गेली असं विचारलं, की गंभीरपणे म्हणत, "प्रयोगात खर्च झाली."

प्रयोगांचा आधार म्हणजे गुरसरायच्या एका नातलगाकडे त्यांना मिळालेली एक पोथी. तिच्यात काळ थांबवण्याचा मंत्र धडधाकट होता, पण पुन्हा सुरू करण्याचा मंत्र वाळवीनं खाल्ला होता. त्यामुळे आतोबा पहिला मंत्र म्हणताना शेवटचं अक्षर जबाबदारीनं गिळून टाकत. "सुरू झालाच नाही तर? मानिक चौकात कुणी जांभई द्यायला तोंड उघडलं असेल, त्यानं काय जन्मभर तसंच राहायचं?" काळ पळवण्यात मात्र धोका नव्हता, म्हणून एकदा ते आत्याच्या कैरीच्या लोणच्यापुढे चार दिवस जप करत बसले. पाचव्या दिवशी बरणीत हिरवीगार बुरशी! आत्या कपाळाला हात लावून बसली, आणि आतोबा आनंदानं ओरडले, "अगं, वर्ष संपलं याचं! चार दिवसांत वर्ष!"

खरी कसोटी लागली ती त्यांच्या मुलीच्या लग्नात. नवरदेव ग्वाल्हेरचे. वऱ्हाड दुपारच्या गाडीनं यायचं होतं आणि मुहूर्त गोरज. मी तेव्हा स्टेशनच्या तारघरात नुकताच लागलो होतो, त्यामुळे अशुभ बातमी आणायचं काम माझ्याकडे आलं: इंजिन वाटेत बिघडलं, गाडी कधी येईल सांगता येत नाही. गुरुजींनी तर घटिकापात्र पाण्यावर सोडलेलं. तळाशी बारीक भोक असलेली ती तांब्याची वाटी हळूहळू भरत होती. "वाटी बुडाली की मुहूर्त साधायचा," गुरुजी म्हणाले. "तो चुकला तर पुढचा चातुर्मासानंतर." मुलीच्या डोळ्यांत पाणी आलं. आतोबांनी तिच्याकडे पाहिलं, उपरणं कमरेला बांधलं आणि म्हणाले, "सरका सगळे. आज शेवटचं अक्षर म्हणणार."

ते डोळे मिटून मंत्र म्हणू लागले. गुरुजी वऱ्हाडाची वाट बघायला दाराशी गेले. तेवढ्यात पुऱ्यांची कणीक मळता मळता आत्या उठून आली, वाटीला हळदकुंकू वाहिलं, आणि वाहता वाहता बोटाला लागलेली कणीक भोकावर दाबून टाकली. मी बघतोय हे तिनं पाहिलं. "बोलायचं नाही हं, भैया," एवढंच पुटपुटली आणि पुऱ्या लाटायला गेली.

वाटी बुडेना. गुरुजी परत आले, वाकून पाहू लागले, मग आतोबांच्या पाया पडले. शेवटी वऱ्हाड धापा टाकत आलं, अंतरपाट धरला गेला, आणि आतोबांना दरदरून घाम फुटला. "थांबवला खरा," ते माझ्या कानात म्हणाले, "पण सुरू कसा करू? तो भाग वाळवीनं खाल्लाय रे!" आत्यानं पुन्हा येऊन हळदकुंकू वाहिलं, आणि वाटी बुडबुड करत तळाला गेली. अक्षता पडल्या. आनंदाच्या भरात आतोबांनी जावयाच्या आधी गुरुजींनाच मिठी मारली.

मग काय, ओरछा गेटपासून माणसं येऊ लागली. एका पहिलवानाला तारुण्य परत हवं होतं, एका मास्तरांना मे महिना लांबवायचा होता. आतोबा कुणाला नाही म्हणत नसत. फक्त "ग्रह बघून सांगतो" म्हणत. एका दुपारी एक म्हातारी आली. तापानं मुलगा गेलेली. मी तिथेच बसलो होतो. ती हात जोडून म्हणाली, "पंडितजी, हमाए लला को एक दिना लौटा दो. बस एक."

आतोबांनी तिचे जोडलेले हात हळूच खाली केले. मग म्हणाले, "अम्मा, इत्ती विद्या हमें नईं आउत." त्यांना काही येत नाही हे त्यांच्या तोंडून मी पहिल्यांदाच ऐकलं. म्हातारी उठायला लागली, तसे ते घाईनं म्हणाले, "बैठो, अम्मा. बताओ तो, लला कैसे थे?"

ती सांगत गेली. कसा हसायचा, न्हायला किती छळायचा, काय आवडीनं खायचा. अंगणातलं ऊन भिंतीवर चढलं तरी ती सांगतच होती, आणि कुणाचंही वाक्य कधी पुरं होऊ न देणारे आतोबा मधे एक शब्द बोलले नाहीत. मग स्वतः तिला घरापर्यंत पोचवून आले.

आल्यावर आत्याला म्हणाले, "त्याला आंबट कढी फार आवडायची म्हणे. उद्या करशील?"

आत्यानं केली. आतोबांना कढी मुळीच आवडत नसे. त्या दिवशी त्यांनी दोनदा मागून घेतली, आणि आत्यानं काही न विचारता वाढली.