रिजेक्टकाकांनी काढलेले खेळ

काकांनी घरातल्या कंप्युटरवरून पत्त्यांचा खेळ काढला, त्या दिवशी काकीने हात उचलणं थांबवलं.

तो उजवा हात होता. आदल्या वर्षी काकीला झटका आला आणि शरीराची ती बाजू गेली. बोलणं परत आलं, पाय ओढत का होईना चालू लागला, हात मात्र मांडीवर पडून राहायचा. म्हापशाहून व्यायाम शिकवायला येणाऱ्या बाईंनी तिला दाबायला रबरी चेंडू दिला. काकीने तो कधी मनावर घेतला नाही. "माका काय ल्हान भुरगा समजलात?" असं तिने त्या बाईंना विचारलं. मग वास्कोला राहणारी तिची मुलगी शिल्पा एका रविवारी आली आणि तिने काकीला कंप्युटरसमोर बसवून पत्ते लावायचा खेळ शिकवला. माऊस धरायला बोटं वळवावी लागतात, पत्ता उचलायला एक बोट दाबावं लागतं. काकीची बोटं वळू लागली. राजावर राणी बसवताना ती खांद्यापासून जोर लावायची. व्यायामाच्या बाई म्हणाल्या, चेंडू राहू दे, हेच चालू ठेवा.

काका म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. आमची घरं दोन, अंगण एक. वाड्यावरचे, म्हणजे आमच्या वस्तीतले, लोक त्यांना तोंडावर काका म्हणत आणि पाठ वळली की रिजेक्ट. तुयेच्या औद्योगिक वसाहतीत औषधाच्या बाटल्यांची बुचं बनवणारा एक कारखाना होता. पट्ट्यावरून बुचं सरकत येत आणि काका त्यांतली वाकडी, चिरलेली बुचं उचलून लाल पेटीत टाकत. सगळी नोकरी त्यांनी या कामावर काढली. बुचं बनवणारे दुसरेच होते. पण बुचं चांगली निघतात ती आपल्यामुळे, अशी काकांची समजूत होती. निवृत्त झाल्यावर ती समजूत ते घरी घेऊन आले. "नको ता काडला की होया ता आपसूक उरता," असं ते म्हणत. उरतं काय, ते पाहायला मात्र ते कधी थांबले नाहीत. तोवर त्यांना दुसरं काहीतरी काढायला सापडलेलं असे.

सकाळी पोदेर पाव घेऊन आला की काका फाटकाशी उभे. पावाचा प्रत्येक गोल उंडा उलटा करून बुडाला टिचकी मारून पाहायचे. एक करपलेला, एक बसका, एक नुसताच संशयित, असे बाजूला निघायचे. पोदेर सायकलवरून न उतरता म्हणायचा, "साहेबा, हो उंडो. तुज्या फॅक्टरीचें बूच न्हय." काकांना हा टोमणा आहे हे कधी कळलं नाही. त्यांना वाटे, पोदेर आपल्याला कामाची आठवण देऊन मान देतो आहे.

काकीचं माहेर लाटंबार्शाचं, काजूबागायतीचं. तिचा भाऊ दर हंगामात भाजलेले काजू घेऊन यायचा. काका ते ताटात पसरून तुटके वेगळे करायचे आणि पाहुण्याच्या देखत ते त्याच पिशवीत परत घालायचे. त्या भल्या माणसाने एकदाच तोंड उघडलं. "भावजी, पोटात गेल्यार सगळो काजू तुटकोच जाता." काकीला इतकं हसू आलं की तिला आत जावं लागलं. शिल्पाला आलेली स्थळंही काका अशीच ताटात पसरत. शेवटी तिने बंदरात नोकरी करणारा मुलगा स्वतः पसंत केला आणि बापाला थेट लग्नाची तारीख सांगितली. तपासणीविना घरात आलेला माल तो एकच. काका जावयाशी बरीच वर्षं जपून बोलत.

शिल्पाने नवा कंप्युटर घेतला तेव्हा जुना वडिलांना दिला. काकांनी तो चालू केला, पडद्यावरच्या चित्रांकडे पाहिलं आणि त्यांना पुन्हा पट्ट्यावर उभं राहिल्यासारखं वाटलं असावं. चित्रावर बोट दाबायचं, ते ओढत नेऊन कोपऱ्यातल्या कचऱ्याच्या टोपलीत टाकायचं. त्यांची लाल पेटी त्यांना परत मिळाली होती.

वाड्यावर बातमी पसरली की काकांना कंप्युटरमधले खेळ काढता येतात. त्या काळी प्रत्येक घरात एक मुलगा आणि त्याच्या मार्कांचं दुःख होतं. मुलाशेजारी बसून त्याचं गणित घ्यायला आईबापांना वेळ नव्हता. काकांना बोलवायला होता. काका आंघोळ करून, धुतलेला सदरा घालून यायचे. कंप्युटरपुढे पानाचा विडा आणि नारळ ठेवायला लावायचे आणि देवळात जत्रेला घालतात तसं रीतसर गाऱ्हाणं घालायचे.

"बा देवा म्हाराजा! ह्या घरातल्या लेकरान अभ्यास सोडून ज्या खेळाचो नाद धरलो आसा, तो खेळ मुळासकट भायर काड रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" घरचे म्हणायचे.

"लेकराक पयलो नंबर दी रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

सर्वांत मोठ्याने ओरडायचा तो ज्याचा खेळ जायचा तो मुलगा. कारण वाड्यावरच्या सगळ्या मुलांना एक गोष्ट माहीत होती जी काकांना आणि आईबापांना माहीत नव्हती. काका फक्त चित्र टाकत. खेळ आत जिथल्या तिथे असायचा. दुसऱ्या वाटेने गेलं की उघडायचा. मुलं नारळाचं खोबरं खात आणि काका फाटकाबाहेर पडले की पुढची पातळी गाठत. मार्कांत कुणाच्या फरक पडला नाही. ते खापर देवावर फुटलं, काकांवर नाही.

खेळ कुठला आणि काम कुठलं हे ओळखायची त्यांची एक कसोटी होती. ज्या चित्रात रंग जास्त तो खेळ. या कसोटीने त्यांनी शेजारच्या म्हाताऱ्या जोडप्याच्या कंप्युटरवरून, गल्फमधल्या मुलाशी बोलायचं चित्र काढून टाकलं. त्या दोघांना तेवढी एकच वाट ठाऊक. पोरगा तिकडून फोन लावतोय, इकडे दोघं पडद्याकडे बघत बसलीत. शेवटी त्याने आमच्याकडे फोन केला, "आई-बाबा आसात मां बरे?" म्हणून. काका म्हणाले, "ता चित्र हसत होता. कामाची वस्तू हसना."

अशा माणसाच्या स्वतःच्या घरात काकी रोज पत्ते लावत होती. काका ते पाहून न पाहिल्यासारखं करत, पेपर तोंडापुढे धरून बसत. औषध म्हणून त्यांनी ते खपवून घेतलं होतं. काकी मात्र हसायची, जिंकली की स्वतःशी बोलायची, आणि औषध घेताना माणूस हसतो हे काही त्यांना पटत नव्हतं. त्यातच पलीकडच्या घरातली सुषमावहिनी, जिच्या मुलाचे खेळ काकांनी वारंवार काढले होते, फाटकात उभी राहून म्हणाली, "काका, आमच्या चेड्याचे खेळ काडतास आणि तुमच्या घरात पत्त्यांचो अड्डो?" बोलली ती थट्टेने. काकांच्या ते जिव्हारी लागलं. तपासणाऱ्याच्याच टेबलावर सदोष माल सापडला होता.

दुसऱ्या दिवशी त्यांनी आंघोळ केली, धुतलेला सदरा घातला, आणि वाड्याला बोलावलं. मीही गेलो. काकी खुर्चीत बसली होती, हात माऊसवर. काकांनी तो हात उचलून तिच्या मांडीवर ठेवला आणि नारळ मांडला.

"बा देवा म्हाराजा! ह्या माज्याच घरात जो खेळ घुसलो आसा, तो भायर काड रे म्हाराजा!"

एरवी कानठळ्या बसवणारी मुलं खाली बघत होती. काकांनी मागे वळून पाहिलं, मग स्वतःच "व्हय म्हाराजा" म्हटलं आणि चित्र टोपलीत टाकलं.

काकी शांतपणे म्हणाली, "काडा. तुमका काडूकच येता. घालूक कधी शिकलात?"

त्यानंतर तिने तो हात उचलला नाही. डाव्या हाताने जेवायची, डाव्या हाताने पदर सारखा करायची. उजव्या हाताला ती दुसऱ्याची वस्तू असल्यासारखं वागवू लागली. व्यायामाच्या बाई आल्या, बोटं सोडवून बघितली आणि काकांना बाहेर बोलावून म्हणाल्या की हात आखडतो आहे, असाच राहिला तर पुढे उघडणार नाही. काका आत आले, चेंडू काकीच्या तळव्यात ठेवला. तो घरंगळून कपाटाखाली गेला. मग मी पहिल्यांदा काकांना जमिनीवर ओणवं होऊन काही शोधताना पाहिलं.

रविवारी शिल्पा आली. तिने सगळं ऐकून घेतलं आणि बापासमोर उभी राहिली. "बाबा, खेळ गेलेलो ना. तुम्ही आजवर कोणाचोच खेळ काडूक ना. नुसती चित्रां पुसलात. पोरां तुमका हसतत."

काकांनी पडद्याकडे पाहिलं. मला वाटतं, वाड्यावरचं एकेक घर त्यांच्या डोळ्यांपुढून सरकत गेलं असेल, आणि प्रत्येक घरातलं बूच चिरलेलं.

शिल्पा चित्र परत लावायला वाकली. काकी म्हणाली, "तू हात लावू नको. जेणी काडलो तेणीच घालूचो. लोकांसमोर काडलो, लोकांसमोर घालूचो."

म्हणजे काकांपुढे एवढंच उरलं: काकीचा हात, नाहीतर वाड्यावरची इभ्रत. खेळ परत घालायचा तर तो गेलाच नव्हता हे सगळ्यांसमोर दाखवावं लागणार होतं. आणि घालायचं कसं हे त्यांना खरंच येत नव्हतं. ज्या माणसाने उभ्या आयुष्यात फक्त बाहेर काढलं, तो शिल्पाकडून आत ठेवायला शिकू लागला. पडद्यावरचा बाण भलतीकडे पळायचा. "बाबा, ओढू नकात, धरून ठेवा," शिल्पा सांगायची. काकी खुर्चीतून बघत होती. मदत नाही, टोमणा नाही.

संध्याकाळी वाडा पुन्हा जमला. सदरा तोच. काकांनी घसा साफ केला.

"बा देवा म्हाराजा! जो खेळ तपासणीक म्हणान भायर काडून ठेवललो, तो तपासून बरो निघालो आसा म्हाराजा! तो परत जाग्यार बसोवूची माका बुद्धी दी रे म्हाराजा!"

हरण्यातही त्यांनी स्वतःला तपासनीस ठेवलंच. पण मुलांनी असा "व्हय म्हाराजा" ठोकला की पोफळीतले कावळे उडाले. काकांनी आतल्या वाटेने जाऊन खेळ शोधला आणि चित्र पडद्यावर आणून ठेवलं. आईबाप एकमेकांकडे पाहू लागले. मग आपापल्या मुलांकडे. त्या संध्याकाळी बऱ्याच घरांत रडारड झाली.

काकीने उजवा हात उचलला. माऊसपर्यंत पोचायला त्याला वेळ लागला. "थरथरता," ती म्हणाली. "पास काय रिजेक्ट?"

"पास," काका म्हणाले. हा शब्द मी त्यांच्या तोंडून तेव्हाच ऐकला.

पुढे त्यांना कुणी बोलावलं नाही. सुषमावहिनी रस्त्यात भेटली की "काका, आमच्याकडे एक खेळ घालून देतास?" विचारायची. काका चालत पुढे जायचे. घरी ते काकीच्या बाजूला बसू लागले आणि प्रत्येक पत्त्यावर चुकीचा सल्ला देऊ लागले. "काळ्या अठ्ठ्यावर काळो सत्तो चलना," काकी म्हणायची. "कित्याक चलना? बरो दिसता मां!" काका म्हणायचे.

यंदा काजूच्या हंगामात काका गेले. दुपारी जेवून आडवे झाले, ते उठले नाहीत. तिरडीपाशी वाड्यावरचे लोक म्हणाले की काकांनी पोरांना वळण लावलं. तीच पोरं आता मोठी झाली आहेत. कुणी पुण्यात, कुणी बोटीवर, कुणी घरी बसून दिवसभर खेळतो. काका असते तर त्यांनी ते वाक्य उलटं करून टिचकी मारून पाहिलं असतं.

काकीचा हात खांद्यापर्यंत उचलला जातो. बोटं अजून पुरती उघडत नाहीत. ती उजव्या हाताने जेवते.