बशीवरचा काळा डाग

"थांबा, अजून झालं नाही."

हे म्हणताना आमचे सायन्सचे मास्तर उजव्या हाताचं बोट वर करत. आम्लानं पिवळं पडलेलं बोट. चहाचा कप पुढं केला तरी हेच, शाळा सुटल्याची घंटा झाली तरी हेच. स्वतःच्या लग्नात अंतरपाट दूर होताना सुद्धा ते असंच म्हणाले होते, अशी बुलढाण्यात वदंता होती. ती कोणी पसरवली, हे चाणाक्ष वाचकांनी ओळखलं असेलच.

मी त्याच शाळेत मराठी शिकवत असे. म्हणजे मराठीच्या तासाला अभिनय करत असे. वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेलं होतं, आणि नागपूरपासून बुलढाण्यापर्यंत माझ्या आवाजाला तोड नाही, अशी माझी खात्री होती. नागपुरानं अजून तो ऐकला नव्हता, इतकंच.

मास्तरांना खेडोपाडी जाऊन शास्त्राचे प्रयोग दाखवायचा नाद. पण माणसं जमली की त्यांची जीभ टाळूला चिकटे. मला बोलण्याचा नाद, आणि सांगण्यासारखं जवळ काही नसे. जोडी जमली. ते हात हलवत, मी तोंड.

त्यांचा सगळा जीव धातुसदृश मूलद्रव्यांवर. "सुरम्यातला अँटिमनी घ्या," ते मला सर्व्हिस मोटारीत ऐकवत, "चमकतो चांदीसारखा, पण हातोडा मारा, काचेसारखा फुटतो. तोच शिशात मिसळा, छापखान्याचे खिळे टणक होतात. आणि टेल्युरियम! ज्यानं शोधलं त्यालाही आधी अँटिमनीच वाटला होता. पण गडी थांबला. पुन्हापुन्हा तपासत बसला. म्हणून नवीन मूलद्रव्य सापडलं."

"मी असतो तर पहिल्याच दिवशी शोधून काढलं असतं," मी म्हणे.

"तुम्ही असता तर त्याचं बारसं केलं असतं. चुकीच्या नावानं."

आमचा हुकमी खेळ म्हणजे 'सोमल कसा पकडतात'. सोमल म्हणजे आर्सेनिकचं जहर. बाटलीत जस्त आणि आम्ल, त्यात सोमलाचा कण. बारीक नळीतून वायू निघे, तो पेटवायचा, ज्योतीवर थंड बशी धरायची. बशीवर काळा डाग उमटला की मी उपरणं झटकून गर्जना करी : "पाहा! हाच तो लपलेला मारेकरी!" टाळ्या पडत. त्या मला पडतात, असं मी धरून चाललो होतो.

एकदा हा खेळ घेऊन आम्ही जानेफळला उतरलो. आम्लाची बाटली माझ्या मांडीवर होती, त्यामुळे धोतराला हवेशीर खिडक्या पडल्या होत्या. चावडीपुढं ही गर्दी! मी खूश. पण गर्दी आमच्यासाठी नव्हती. सकाळी पाटलांचा बैल मेला होता. रात्री गोठ्यात मुक्कामाला होता सुलतानपूरचा म्हातारा सुरमेवाला. बाजारच्या आदल्या रात्री तो नेहमीच तिथं निजे. गव्हाणीजवळ त्याची काळ्या भुकटीची पुडी सापडली होती.

"चामड्यासाठी जहर देतात लोक," कोणी म्हणालं. "सुरम्यात सोमल कालवला असंन त्यानं."

म्हातारा जमिनीवर बसून होता. "पाटीलसाब, जहर असतं तं नातीच्या डोयात घातलं असतं का मी? ठाण्यात पाठवसान तं सुटून येईन एखाद्या दिवशी. पण मंग बाजारात कोण डोये देईन माह्यापाशी?"

 बैल पाटलांच्या घरच्या गाईचा होता. शेवटी पाटील मास्तरांकडे वळले. "तुम्ही सोमल पकडता म्हणे. पकडा."

मास्तरांनी चावडीच्या ओसरीवर पेटी उघडली आणि लोकांना वाऱ्याच्या उलट बाजूला उभं केलं. आधी नुसतं जस्त आणि आम्ल. "जस्तातही सोमल असतो कधीकधी. आधी आपली झडती." बशी पांढरी राहिली. मग पुडीतली भुकटी आम्लात उकळली, सडक्या अंड्यांचा वास सुटला, तो जाईपर्यंत उकळली. बाटलीत ओतली. ज्योत पेटली. मास्तरांनी पाटलांच्या घरची दुसरी बशी धरली.

काळा डाग!

वाचकहो, घोडा ढोल ऐकला की नाचतो, त्यात घोड्याचा काय दोष? माझं उपरणं आपोआप उडालं. "पाहा! हाच तो लपलेला मारेकरी!"

गर्दी म्हाताऱ्यावर धावली. कोणी त्याची गचांडी धरली. आयुष्यातला माझा सर्वांत परिणामकारक संवाद तो, आणि मला तो तिथल्या तिथं गिळावासा वाटत होता.

"थांबा!" मास्तर ओरडले. त्यांचा आवाज इतका मोठा असेल, हे मला ठाऊक नव्हतं. "अजून झालं नाही! अँटिमनीचाही असाच डाग पडतो. पाटील, कॉलऱ्यात विहिरीत टाकता ती ब्लीचिंगची भुकटी आहे?"

चावडीतच होती. ती पाण्यात कालवून त्यांनी वरची निवळ काढली. "ह्यानं सोमलाचा डाग जातो, अँटिमनीचा जात नाही." मग माझ्याकडे हात केला. "आता खऱ्या सोमलाचा डाग पाडतो. द्या ती पुडी."

"कुठली पुडी?"

"सोमलाची. तुमच्या कोटात ठेवलीय. डाव्या खिशात."

डाव्या खिशात माझी सुपारी असे. बुलढाण्यापासून मी ती चघळत आलो होतो. पुडी कशीबशी काढून देऊन मी खांब धरला, तेव्हा पाटलांनीच मला खाली बसवलं आणि पाणी पाजलं. "मास्तर, हा काऊन पांढरा पडून राह्यला?"

"सोमल दुहेरी कागदात आहे," मास्तर माझ्याकडे न पाहता म्हणाले. "मरत नाहीत ते."

सोमलाच्या डागावर निवळीचा थेंब पडला. डाग विरघळून गेला. मग तसाच थेंब म्हाताऱ्याच्या सुरम्याच्या डागावर.  म्हातारा बशीकडे पाहतच नव्हता. त्यानं डोळे मिटून घेतले होते.

डाग हलला नाही. मास्तर थांबले. आणखी एक थेंब. डाग तसाच.

"आता झालं," ते म्हणाले. "ह्यात सोमल नाही. निव्वळ सुरमा आहे. बैल कशानं मेला, ते मला माहीत नाही."

ते शेवटपर्यंत कोणालाच कळलं नाही. पाटलांनी बशी उचलून डाग निरखला. मग येऊन म्हाताऱ्यापुढं मातीत बसले, पागोटं मागं सारलं आणि चेहरा वर केला.

"घाल, चाचा."

म्हाताऱ्यानं सळई घेतली. हात कापत होता. तो थांबेपर्यंत पाटील तसेच, डोळे उघडे ठेवून बसून राहिले. त्यांच्यामागं हळूहळू रांग लागली.

आम्हाला तरी कोण सोडतो? मास्तरांचा चष्मा काढून चाचांनी त्यांनाही सुरमा घातला, आणि मलाही. परतताना मोटारभर माझ्या डोळ्यांना धार लागली होती. शेजारच्या बाईंनी हळूच विचारलं, "भाऊ, घरचं कोणी गेलं काय?" असा प्रेक्षक वाया कसा घालवायचा? मी एक खोल सुस्कारा सोडला.

पुढच्याच वर्षी मास्तरांची बदली झाली, थेट चांद्याकडे. पुन्हा गाठ पडली नाही. मग एके दिवशी ते गेल्याची बातमीच आली. मला ते दिसतात ते जानेफळहून आल्याच्या दुसऱ्या दिवशीचे. चष्म्याआड काळेभोर, एखाद्या नटीसारखे डोळे, आणि पोरं बाकांवर लोळून हसताहेत. मी दाराआडून पाहत होतो. मास्तर शांतपणे फळ्याकडे वळले, मोठ्या अक्षरांत 'अँटिमनी' लिहिलं आणि तसेच पाठमोरे उभे राहिले. त्यांचे खांदे गदगदत होते. ते हसत होते की काय, तेवढं विचारायचं राहून गेलं.