हॉल्टवरचा पाहुणा

विरार सोडून रूळ वैतरणेच्या खाडीकडे निघतात, तिथे डाव्या हाताला गवतात एक लांबट उंचवटा आहे. मुरमाचा, कडेला काळ्या दगडांची एक ओळ. माहीत नसलेल्याला तो शेताचा बांध वाटेल. परवा तिथे उभा होतो तेव्हा कुंपणापलीकडून मोगऱ्याचा वास आला. केळीच्या ओल्या पानात बांधलेल्या कळ्यांना येतो, तसा. थोडा वेळ त्या उंचवट्याचा पुन्हा फलाट झाला.

सत्तरचं दशक सरत आलं होतं तेव्हा हा आमच्या गावाचा हॉल्ट होता. स्टेशन म्हणावं असं तिथे फारसं नव्हतं. पत्र्याची शेड, एक चिंच, पिवळ्या पाटीवर काळ्या अक्षरांत गावाचं नाव. सकाळी एक शटल विरारकडे जाताना थांबे, संध्याकाळी एक परतताना. पुठ्ठ्याची तिकिटं विकायला गावातलेच एक ख्रिस्ती गृहस्थ कमिशनवर नेमलेले होते. रविवारी मिसेला जाताना घालायचा कोट ते हॉल्टवर रोज घालत. गाव त्यांना मास्तर म्हणे आणि तेही त्या हाकेला ओ देत.

गाडी खरं तर फुलवाल्यांची होती. आमच्या शेजारची काकी त्यांच्यातली सर्वांत जुनी. पहाटे खुडलेल्या कळ्या टोपलीत, वर केळीचं पान, त्यावर पाण्याचा शिपका. विरारला गाडी बदलून दादरच्या बाजारात पोचेपर्यंत कळी मिटलेली राहिली पाहिजे. उमलली की तिचा भाव गेला. फलाट बुटका आणि डब्याची पायरी उंच, म्हणून आधी टोपल्या हातोहात आत जात, मग बायका. शेवटची टोपली चढेपर्यंत गार्ड शिट्टी देत नसे. काकीचं घर त्या शिट्टीवर चालत होतं.

एका उन्हाळ्यात बोलवा आली की हॉल्ट बंद करायचा विचार आहे. एक अधिकारी येऊन पाहून जातील आणि मग ठरेल. काय पाहतील, हे मास्तरांनाही कोणी कळवलं नव्हतं. गावाने त्याचा अर्थ आपल्या रीतीने लावला. स्थळ पाहायला यावं तशी तयारी सुरू झाली. शेडला चुना लागला, चिंचेखाली शेण सारवलं. ख्रिस्ती आळीतून बँडबाजा ठरला, एका घरातून सुकेळी, म्हणजे उन्हात सुकवलेली गोड केळी, आली. फुलांचा प्रश्नच नव्हता. त्या दिवशी गावातली एकही टोपली दादरला जाणार नाही, असं काकीनेच ठरवलं आणि बाकीच्या बायकांनी मान डोलावली. मुंबईत नोकरीला जाणाऱ्यांनी रजा टाकल्या. मी नुकताच वर्तमानपत्रात लागलो होतो, मीही टाकली.

अधिकारी सकाळच्या शटलने आले. सडपातळ, शांत गृहस्थ, हातात चामडी बॅग. ते उतरले आणि बाजा सुरू झाला. हार इतके पडले की चष्मा झाकला गेला. हार बाजूला सारून त्यांनी मागे वळून गाडीकडे पाहिलं. गार्ड सवयीने टोपल्यांची वाट पाहत होता. कोणीच पुढे झालं नाही, तेव्हा त्याने शिट्टी दिली आणि गाडी रिकाम्या पायऱ्यांनी निघून गेली.

बाजा थांबल्यावर त्यांनी मास्तरांना विचारलं, रोज इथून चढतं कोण. मास्तरांनी काकीकडे हात केला. मग आज का नाही गेलात, असं त्यांनी तिला विचारलं. काकीला प्रश्नाचंच नवल वाटलं.

"पावना दारात असताना घरची मानसं भाईर पडतात काय, साहेब?"

अधिकारी हसले. हातातलं सुकेळं त्यांनी संपवलं आणि मग हलक्या आवाजात म्हणाले, "बाई, मी तर तुमचा रोजचा दिवस बघायला आलो होतो."

माझ्या शेजारी मास्तर उभे होते. त्यांनी कोटाची बटणं काढली आणि पुन्हा लावली. काकीला तोवर काही उमगलं नव्हतं. ती पंगतीच्या घाईत होती. दुपारी गावाने पाहुण्याला आग्रहाने जेवू घातलं. संध्याकाळची शटल आली, तिच्यातून कोणी उतरलं नाही, कारण सकाळी कोणी गेलंच नव्हतं. पुन्हा सगळं गाव फलाटावर होतं. त्या दिवशी आमच्या हॉल्टवर गाडीत चढलेला एकमेव प्रवासी म्हणजे ते अधिकारी.

पावसाळ्यानंतर गाडी थांबेनाशी झाली. पाटी काढून नेली, शेडचे पत्रे कोणी गोठ्याला लावले. मास्तरांचा कोट फक्त रविवारचा झाला. काकी डोक्यावर टोपली घेऊन रुळांच्या कडेने विरारपर्यंत चालू लागली. ऊन चढे आणि अर्ध्या कळ्या वाटेतच उमलत. दोन उन्हाळे तिने ते केलं, मग मोगरा मोडून तोंडली लावली. कुंपणाला एक वेल तेवढा ठेवला. बऱ्याच वर्षांनी, ऐंशीचं दशकही संपत आलं असताना, मी तिला विचारलं की ते अधिकारी पुन्हा आले तर तू टोपली घेऊन गाडीत चढशील का. तिला आता सगळं ठाऊक होतं. खुडलेली तोंडली तिने टोपलीत टाकली.

"पावना तो. आला तर फुलं त्यालाच जातील."

हॉल्ट बंद होण्याचं कारण कुठल्याशा दप्तरात "प्रवासी नाहीत" असं लिहिलेलं असेल. बातमीदार म्हणून मला त्यात चूक काढता येत नाही. त्या दिवशी गावात प्रवासी नव्हते, सगळे यजमान होते. परवा मी उभा होतो तेवढ्यात एक लांब पल्ल्याची गाडी वेग न मोडता गेली. गवत आडवं झालं, पुन्हा उभं राहिलं. वास काकीच्याच कुंपणाचा होता. वेल तिने ठेवलेला, आणि त्यावरच्या कळ्या आता कोणी पहाटे खुडत नाही. त्या वेलावरच उमलतात.